जॅकी बरोज यांची कारकीर्द आणि दहा गुणांचा तक्ता : पार्श्वभूमी

कॅनेडियन अभिनेत्री जॅकी बरोज यांच्या भूमिकांची यादी लांबलचक आहे. तिच्यात आया, शिक्षिका, म्हाताऱ्या वारंवार का दिसतात, याचं उत्तर अभिनयाइतकंच कॅनडाच्या करनियमांतही आहे.

जन्म इंग्लंडचा, १९३९ चा. १९५२ पासून त्या कॅनडात होत्या. सुरुवात रंगभूमीवर झाली, कारण इंग्रजी कॅनडात तेव्हा चित्रपटधंदा नावापुरताच होता.

१९७४ पासून प्रमाणित कॅनेडियन चित्रपटात घातलेली सगळी रक्कम पहिल्याच वर्षी करपात्र उत्पन्नातून वजा करता येऊ लागली. डॉक्टर, वकील, दंतवैद्य यांचा पैसा चित्रपटांत आला. वजावट त्याच वर्षी पदरात पडावी म्हणून वर्षअखेरीला चित्रीकरणाची झुंबड उडे. ऐन थंडी, लहान दिवस आणि अपुरे तंत्रज्ञ यांचा परिणाम पडद्यावर दिसायचा. ऐंशीच्या दशकात ही सवलत टप्प्याटप्प्याने आटली.

पण चित्रपट ‘कॅनेडियन’ कधी ठरतो, हा वाद तेव्हापासून आजतागायत चालू आहे. रूढ झालेला तक्ता दहा गुणांचा. दिग्दर्शक आणि लेखक यांना प्रत्येकी २. पहिला कलाकार, दुसरा कलाकार, छायालेखक, कलादिग्दर्शक, संगीतकार आणि संकलक यांना प्रत्येकी १. निदान ६ गुण हवेत. निर्माता कॅनेडियन हवाच. शिवाय दिग्दर्शक-लेखकांपैकी एक आणि पहिल्या दोन कलाकारांपैकी एकजण कॅनेडियन असणं सक्तीचं. म्हणजे लेखक आणि नायक दोघेही अमेरिकेतून आणले, तरी ७ गुण उरतात आणि चित्रपट पास होतो.

‘पहिले दोन कलाकार’ ठरतात ते मानधन, श्रेयनामावलीतली जागा आणि पडद्यावरचा वेळ पाहून. तिसऱ्या कलाकारापासून पुढे थेट शून्य. बहुतेक चरित्र अभिनेत्री इथेच असतात. त्यांचं मानधन धरलं जातं ते खर्चाच्या अटीत : निर्मितीसेवांवरचा ७५ टक्के खर्च कॅनेडियन लोकांवर झाला पाहिजे. त्या हिशेबात अभिनेत्रीचा डॉलर आणि सेटवरच्या सुताराचा डॉलर एकाच मोलाचे. चित्रपट ज्यांच्या खांद्यावर उभा राहतो त्यांना तक्त्यात जागाच नाही, हा या व्यवस्थेतला खरा अन्याय आहे. दुसऱ्या जागेची सक्ती मात्र अनेक कॅनेडियन कलाकारांना मोठ्या भूमिकेपर्यंत घेऊन गेली.

‘द ग्रे फॉक्स’मध्ये (१९८२) नायक अमेरिकन आणि त्याच्यासमोर छायाचित्रकार स्त्रीच्या भूमिकेत बरोज. या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढच्याच वर्षी ‘द डेड झोन’ कॅनडाच्या ऑन्टारियो प्रांतात चित्रित झाला, पण अमेरिकी पैशावर. तिथे त्या नायकाच्या आईच्या छोट्या भूमिकेत होत्या. ‘अ विंटर टॅन’मध्ये (१९८७) त्या मुख्य अभिनेत्री आणि पाच दिग्दर्शकांपैकी एक होत्या. आणि मग ‘रोड टू अ‍ॅव्हनली’ ही दूरचित्रवाणी मालिका : १९९० ते ९६, सात हंगाम, ९१ भाग. कथा प्रिन्स एडवर्ड बेटावरची, बहुतांश चित्रीकरण ऑन्टारियोत. त्यातल्या कडक शिस्तीच्या शिक्षिका हेटी किंग या भूमिकेने पन्नाशी उलटलेल्या चरित्र अभिनेत्रीला घराघरात पोचवलं.

१९९५ मध्ये वजावटीची जागा करपरताव्याने घेतली : पात्र मजुरीच्या, म्हणजे अटींत बसणाऱ्या मानधन-पगाराच्या, २५ टक्के निर्मात्याला परत. पात्र मजुरीला एकूण खर्चाच्या ४८ टक्क्यांची मर्यादा होती, म्हणून प्रत्यक्षात हाती जास्तीत जास्त १२ टक्के पडत. दोन वर्षांनी परदेशी निर्मात्यांसाठी वेगळा परतावा आला : कॅनडातल्या रहिवाशांच्या मजुरीवर ११ टक्के, गुणांची अटच नाही. व्हँकुव्हरमध्ये अमेरिकी मालिकांची रीघ लागली. ‘स्मॉलव्हिल’मधली भविष्य दिसणारी अंध वृद्धा आणि ‘विलार्ड’मधली (२००३) आई या बरोज यांच्या भूमिका त्याच लाटेतल्या.

यातही एक खाच आहे. व्हँकुव्हर ज्या प्रांतात आहे त्या ब्रिटिश कोलंबियाचा प्रांतिक परतावा आदल्या ३१ डिसेंबरला त्या प्रांतात राहत असलेल्यांच्याच मजुरीवर मिळतो. ऑन्टारियोतल्या टोरांटोहून कलाकार बोलावला की निर्मात्याला विमान, हॉटेल आणि रोजचा भत्ता द्यावा लागतो आणि वर तो परतावाही हातचा जातो. म्हणून दोन-चार संवादांच्या भूमिका तिथल्याच कलाकारांकडे जातात, आणि टोरांटोहून बोलावणं येतं ते ज्याची जागा दुसरं कुणी घेऊ शकत नाही अशालाच.