फुलबॅक ते पहिला धावणारा : हॉकीतल्या बचावपटूच्या कारकिर्दीची पार्श्वभूमी

विदर्भातल्या शाळांच्या संघयादीत अजूनही ‘फुलबॅक’ असं लिहिलेलं सापडतं. आंतरराष्ट्रीय यादीत हा शब्द उरलेला नाही, तिथे नुसतं ‘डिफेंडर’. हा फरक नावापुरता असता तर सोडून देता आला असता. पण दोन्ही शब्दांमागचं काम वेगळं आहे, आणि मुरमाच्या मैदानावर तयार झालेला पोरगा वरच्या पातळीवर अडखळतो तो नेमका या दोन कामांच्या मधल्या जागेत.

फुलबॅक हा शब्द जुन्या 2-3-5 मांडणीतला. पाच फॉरवर्ड, तीन हाफ, दोन फुलबॅक. खेळ इकडे आला तो छावण्या आणि रेल्वेसोबत, त्यामुळे कामठी-नागपूर पट्ट्यातही हीच मांडणी रुजली. 1928 ते 1956 ही भारताची सलग सहा ऑलिंपिक सुवर्णपदकं त्याच मांडणीच्या काळातली. तेव्हाच्या फुलबॅकचा खरा मित्र होता ऑफसाइडचा नियम, म्हणजे फॉरवर्ड आणि गोल यांच्यामध्ये समोरच्या संघाचे ठरावीक खेळाडू असलेच पाहिजेत. एक फुलबॅक वर, एक खाली. वरचा चार पावलं पुढे सरकला की समोरचा फॉरवर्ड आपोआप अडचणीत. 1972 मध्ये फॉरवर्डसमोर तीनऐवजी दोनच खेळाडू असले तरी चालेल असं ठरलं, 1987 मध्ये ऑफसाइड 25 यार्डांच्या आत मर्यादित झाला आणि 1998 मध्ये तो कायमचा गेला. आता फॉरवर्ड थेट गोलीच्या पुढ्यात उभा राहू शकतो. म्हणजे पुढे सरकून सापळा लावण्याची सोय संपली, माणसाला चिकटून राहणं आलं, आणि ‘वरचा-खालचा’ ही जुनी भाषा फक्त मैदानाच्या कडेला ओरडायला उरली.

दरम्यान मैदानच बदललं. 1976 च्या मॉन्ट्रिअल ऑलिंपिकमध्ये हॉकी पहिल्यांदा कृत्रिम गवतावर झाली आणि आदल्याच वर्षी विश्वचषक जिंकलेला भारत सातवा आला. 1928 पासून पहिल्यांदा पदक नाही. याचं सगळं खापर टर्फवर फोडायची आपल्याकडे सवय आहे, ती अर्धीच खरी. पण बचावपटूपुरतं बोलायचं तर टर्फने टॅकलच बदलला, हे मान्य करावं लागतं. भिजवलेल्या टर्फवर बॉल उसळत नाही, घसरत येतो. त्यामुळे स्टिक जमिनीला जवळजवळ आडवी टाकून मोठी रुंदी अडवता येते. मुरमावर हे केलं तर बोटं सोलवटतात, शिवाय वाटेत एखादा खडा असला की बॉल आडव्या स्टिकवरून उडून थेट हनुवटीवर. म्हणून गावाकडचा फुलबॅक स्टिक उभी धरतो, पाय बॉलच्या मागे ठेवतो. खड्याने दगा दिला तर निदान पिंढरीवर अडेल. मुरमावर ही अक्कलहुशारीच आहे. टर्फवर मात्र तोच पाय ‘फूट’, म्हणजे बॉल पायाला लागल्याची चूक, ठरतो, आणि तो डीमध्ये, म्हणजे गोलसमोरच्या अर्धगोलात, असेल तर पेनल्टी कॉर्नर.

पेनल्टी कॉर्नर, म्हणजे आपला शॉर्ट कॉर्नर (गोलरेषेवरून बॉल बाहेर साथीदाराकडे टाकून डीवरून गोलवर फटका मारायची संधी), हा आजच्या बचावपटूच्या कारकिर्दीचा कणा. दोन्ही बाजूंनी. नियम असा की पहिला फटका ‘हिट’ असेल तर बॉल गोलरेषा ओलांडताना 460 मिलिमीटरच्या, म्हणजे गोलमधल्या फळीच्या, वर नसावा. फ्लिक, म्हणजे स्टिकला चिकटलेला बॉल न मारता उचलून फेकणं, कितीही उंच चालतो. या एका फरकातून ड्रॅगफ्लिक हा धंदा उभा राहिला, आणि आपल्याकडे तो प्रामुख्याने बचावपटूंच्या हातात आहे. पॅरिस 2024 मध्ये सगळ्या स्पर्धेत सर्वाधिक, 10 गोल करणारा खेळाडू भारतीय बचावपटूच होता.

दुसरी बाजू कमी दिसते. कॉर्नर अडवायला गोली धरून पाचच जण गोलरेषेमागे, बाकीचे मध्यरेषेपलीकडे. त्यातला पहिला धावणारा बॉल आत टाकला जाताच थेट फ्लिकरवर जातो. डीची रेषा गोलपासून 14.63 मीटरवर, फ्लिकचा वेग ताशी 100 किलोमीटरच्या वर, आणि बॉल आत आल्यापासून फटक्यापर्यंत हातात जेमतेम दीड सेकंद. तो कुठल्या रेषेवर धावणार हे गोलीशी आधी ठरलेलं असतं : एक बाजू तो बंद करतो, दुसरी गोली बघतो. सरळ मधून धावला तर गोलीलाच बॉल दिसत नाही. बॉल सुटण्याआधी निघाला तर त्याला मध्यरेषेपलीकडे पाठवतात, बदली मिळत नाही आणि उरलेल्या चौघांनी कॉर्नर अडवायचा. पाच मीटरच्या आत असताना पहिला फटका गुडघ्याखाली लागला तर पुन्हा कॉर्नर. नीट उभा असताना गुडघ्यावर किंवा त्याच्या वर लागला तर फटका धोकादायक ठरून बचाव करणाऱ्यांना फ्री हिट. म्हणजे किती वाकून धावायचं, हाही हिशेब. मास्क, गुडघ्याचे पॅड, डाव्या हातात जाड ग्लोव्ह आणि खालचा गार्ड, यातलं काहीही नसताना ही धाव सरावातही घेऊ नये. गावात सामान नसेल तर टेनिस बॉलवर रेषा पक्की करून घ्यावी, हाच सुरक्षित मार्ग.

आता अशाच एका पहिल्या धावणाऱ्याला मिळालेल्या लाल कार्डाचा, वाद झालेला निर्णय. 4 ऑगस्ट 2024, पॅरिस, ब्रिटनविरुद्धची उपांत्यपूर्व लढत, 17 वं मिनिट. भारताचा पहिला धावणारा, म्हणजे कॉर्नर अडवण्यातला सगळ्यात मोलाचा माणूस, बॉल घेऊन पुढे जाताना त्याची स्टिक बाजूने येणाऱ्या प्रतिस्पर्ध्याच्या डोक्याला लागली. मैदानावरच्या पंचांनी आधी लाल कार्ड दिलं नव्हतं. व्हिडिओ तपासणीनंतर ते निघालं. हिरवं कार्ड दोन मिनिटांचं, पिवळं किमान पाच मिनिटांचं. लाल म्हणजे त्याचा सामना संपला आणि संघ शेवटपर्यंत एकाने कमी.

वाद होता ‘मुद्दाम’ या शब्दावर. एक बाजू म्हणते, स्टिक हातात आहे तो ती कुठे जाते याला जबाबदार. ती डोक्याच्या उंचीवर गेली आणि माणसाला लागली, एवढं पुरे. दुसरी बाजू म्हणते, नजर बॉलवर आहे, चेंगरून येणाऱ्याला झटकताना हात वर गेला आहे, यात निष्काळजीपणा आहे, हेतू नाही. निष्काळजीपणाला पिवळं कार्ड असतं, हवं तर दहा मिनिटांचं. फीत संथ करून पाहिली की प्रत्येक हालचाल ठरवून केल्यासारखी वाटते, हा व्हिडिओ तपासणीचा जुना दोष इथेही आड आला असं मानायला जागा आहे. भारताने तक्रार केली, दाद मागितली. एका सामन्याची बंदी कायम राहिली.

भारत उरलेली 43 मिनिटं दहा जणांनी खेळला, 1-1 अशी बरोबरी राखली आणि शूटआउटमध्ये 4-2 ने जिंकला. याचं कौतुक भरपूर झालं. त्या मानाने दोन दिवसांनंतरची किंमत कोणी मोजली नाही. जर्मनीविरुद्ध उपांत्य सामन्यात संघयादीत 16 ऐवजी 15 खेळाडू, पहिला धावणारा बाहेर, आणि जर्मनीने बरोबरी साधली ती पेनल्टी कॉर्नरवरच. निकाल 2-3. तो असता तर गोल झालाच नसता असं कोणी म्हणू नये, पण तो नव्हता एवढं खरं. कांस्यपदकाच्या सामन्यात तो परतला आणि भारताने स्पेनला 2-1 ने हरवलं.

मुरमाशी याचा संबंध वाटतो त्यापेक्षा जवळचा आहे. खडबडीत मैदानात बॉल वाटेतच मरतो, म्हणून पोरं पुश कमी आणि पूर्ण हिट जास्त मारतात. फटक्यानंतर स्टिक खांद्यावर जाते. अंगावर आलेल्याला कोपराने ढकलताना उजवा हात सुटतो आणि एका हातातली स्टिक मोकळी फिरते. जिल्हा पातळीवर पंच शिट्टी मारून सोडून देतात. टर्फवर तेच कार्ड असतं. उपाय सोपा पण कंटाळवाणा : बॉल राखताना दोन्ही हात स्टिकवर, स्टिकचं टोक कमरेखाली, आणि झटकायचं ते खांदा वळवून.

लाल कार्ड मिळालेला तो खेळाडू ओडिशातल्या सुंदरगढचा. त्याच जिल्ह्यातला एक बचावपटू 1996, 2000 आणि 2004 अशी तीन ऑलिंपिक खेळला, चारशेहून अधिक आंतरराष्ट्रीय सामने. आदिवासी मुलूख, लांबलांबची गावं, बांबूच्या स्टिका, बक्षिसाला बकरा; वर्णन ऐकून गडचिरोली किंवा मेळघाट डोळ्यासमोर यावा. फरक असा की तिथे गावच्या मैदानापासून वसतिगृह आणि वसतिगृहापासून टर्फ अशी वाट आधी तयार झाली, मग तालुक्या-तालुक्यात टर्फ टाकायचं ठरलं. आपल्याकडे बहुतेक पोरांचा टर्फवरचा पहिला दिवस हाच स्पर्धेचा दिवस असतो. शालेय सामने पावसाळ्यात येतात. तेव्हा काळ्या मातीचं मैदान चिखल झालेलं असतं, म्हणून सराव मुरमावर. त्या मुरमावर फक्कीने डी आखताना दोर 14.63 मीटरचाच धरावा आणि चाप खांबापासून मोजावा, गोलच्या मध्यापासून नव्हे. मध्यापासून मोजलेल्या डीत धावायला शिकलेला पहिला धावणारा खऱ्या डीवर एक-दोन पावलं उशिरा पोचतो.