बॅटरीचं पेटंट नक्की कोणाचं? नावावरून शोध, पात्रता, कागदपत्रं आणि प्रमाणित प्रतीचा अर्ज

"माझ्या नावावर बॅटरीचं पेटंट आहे" असं कोणी सांगितलं, तर ते तपासायला कोणाची परवानगी लागत नाही. सरकार ठरावीक मुदतीपुरता हक्क देतं आणि त्या बदल्यात शोधाची पूर्ण माहिती लोकांसमोर मांडावी लागते, या देवाणघेवाणीवरच पेटंट उभं आहे. संशोधकांची नावंही त्या माहितीत येतात. त्यामुळे नोकरीवर घेण्याआधी, पैसे गुंतवण्याआधी, बातमी लिहिण्याआधी किंवा आजोबांच्या जुन्या शोधाचा माग काढायला ही नोंद कोणालाही पाहता येते. अडचण पुढे येते. नाव लगेच सापडतं, पण ते नाव आपल्याला हव्या असलेल्या माणसाचंच आहे हे सिद्ध करायला बरंच काम करावं लागतं. बहुतेक जण ते टाळतात आणि एकाच्या कामाचं श्रेय दुसऱ्याच्या खात्यावर जमा करून मोकळे होतात. ज्याने वर्षानुवर्षं प्रयोगशाळेत घालवली, त्याच्यावर हा अन्याय आहे.

कोण पाहू शकतं, काय पाहू शकतं

प्रकाशित झालेला अर्ज किंवा मंजूर पेटंट पाहायला कसलीही पात्रता लागत नाही. नागरिकत्व विचारत नाहीत, कारण विचारत नाहीत, ओळखपत्रही मागत नाहीत. युरोपीय पेटंट कार्यालयाचं एस्पासनेट, जागतिक बौद्धिक संपदा संघटनेचं पेटंटस्कोप, अमेरिकेचं पेटंट पब्लिक सर्च, जपानचं जे-प्लॅटपॅट, भारताचं इनपास या सगळ्या शोधसेवा मोफत आहेत.

मर्यादा आहे ती काळाची. बहुतेक देशांत अर्ज पहिल्या दाखल तारखेपासून १८ महिने गोपनीय राहतो आणि मग प्रकाशित होतो. त्याआधी मागे घेतलेला अर्ज सहसा कधीच बाहेर येत नाही. अमेरिकेत तर, परदेशात अर्ज करणार नाही असं लिहून दिलं की मंजुरीपर्यंत प्रकाशन टाळता येतं. म्हणून शोधात नाव आलं नाही, एवढ्यावरून समोरचा खोटं बोलतोय असं म्हणू नका. गेल्या वर्षी केलेला अर्ज आज कदाचित दिसणारही नाही. अप्रकाशित अर्जाची फाइल अर्जदार, त्याचा अधिकृत एजंट किंवा अर्जदाराची लेखी संमती घेऊन आलेली व्यक्ती यांनाच पाहता येते.

आणखी एक अपवाद लक्षात ठेवा. पेटंटवर संशोधक म्हणून नाव लागणं हा पॅरिस करारानुसार (हवामानाचा नव्हे, पेटंटसारख्या हक्कांविषयीचा आंतरराष्ट्रीय करार) संशोधकाचा हक्क आहे. पण तो हक्क सोडताही येतो. युरोपीय कार्यालयाला लेखी कळवलं, तर संशोधकाचं नाव छापलं जात नाही आणि फाइलमधला तो कागदही लोकांसाठी बंद राहतो.

शोध सुरू करण्याआधी हाताशी काय हवं

नुसतं नाव घेऊन बसू नका. नावाची सगळी संभाव्य स्पेलिंग, काम साधारण कोणत्या वर्षांतलं, तेव्हा ती व्यक्ती कोणत्या कंपनीत किंवा विद्यापीठात होती, शहर कोणतं आणि बॅटरीचा प्रकार कोणता (लिथियम-आयन, लेड-ॲसिड, सोडियम, की नुसतं चार्जिंगचं सर्किट) हे एका कागदावर लिहून घ्या. त्या व्यक्तीने स्वतः पेटंट क्रमांक दिला असेल, तर निम्मं काम झालं. दावा करणाऱ्याकडे क्रमांक मागण्यात संकोच नको. ज्याच्याकडे खरंच पेटंट आहे, त्याला क्रमांक सांगायला अडचण नसते.

नाव कसं टाकायचं

सगळ्यात जास्त घोळ इथे होतो. २०१९ चं रसायनशास्त्राचं नोबेल लिथियम-आयन बॅटरीसाठी ज्या तिघांना मिळालं, त्यांतल्या व्हिटिंगहॅम यांचं पहिलं नाव मायकेल. पण एक्सॉन या तेल कंपनीत असतानाच्या त्यांच्या १९७७ च्या पेटंटवर, क्रमांक ४००९०५२, 'एम. स्टॅन्ले' असं आहे. मायकेल शोधत बसलात तर हे मूळ पेटंटच हातातून निसटेल. लोह-फॉस्फेट कॅथोडचं (म्हणजे बॅटरीच्या धन इलेक्ट्रोडचं) १९९९ चं पेटंट ५९१०३८२ घ्या. त्यावर त्याच तिघांतल्या जॉन गुडइनफ यांच्यासोबत अक्षय पाढी, के. एस. नंजुंडस्वामी आणि क्रिस्तियान मास्केलिए ही नावं आहेत. यातल्या नंजुंडस्वामींची फक्त आद्याक्षरं आहेत, पूर्ण नाव नाही.

म्हणून सुरुवात आडनावाने करा आणि पहिल्या नावाचं एकच अक्षर ठेवा. मग निकाल पाहून हळूहळू चाळणी बारीक करा. बऱ्याच डेटाबेसमध्ये आडनाव आधी येतं, काहींत नंतर, त्यामुळे दोन्ही क्रम करून पाहा. देवनागरी नाव रोमन लिपीत गेलं की एकाच नावाची तीन-चार रूपं होतात. लग्नानंतर आडनाव बदललेलं असेल, तर दोन्ही आडनावं स्वतंत्रपणे शोधावी लागतात. चिनी नावांचं सगळ्यात कठीण. वेगवेगळ्या चिन्हांनी लिहिलेली नावं रोमन अक्षरांत अगदी सारखी दिसतात, आणि बॅटरीच्या क्षेत्रात चिनी अर्ज प्रचंड आहेत. तिथे मूळ चिन्हांतलं नाव मिळवल्याशिवाय पुढे जाण्यात अर्थ नाही.

अमेरिकेची १९७६ पूर्वीची पेटंटं स्कॅन करून चढवलेली आहेत. छापील अक्षरं यंत्राने वाचलेली असल्याने नावांत चुका राहतात. जुन्या पिढीतल्या माणसाला शोधताना नावापेक्षा क्रमांक किंवा वर्गीकरण अधिक भरवशाचं.

वर्गीकरणाची चाळणी

पेटंट कार्यालयं प्रत्येक शोधाला विषयाचा सांकेतिक क्रमांक देतात. बॅटरी आणि इंधन-घट (फ्युएल सेल) यांचा गट एच०१एम. त्यात १०/०५२५ म्हणजे लिथियम-आयन, १०/०६ म्हणजे लेड-ॲसिड, ४ ने सुरू होणारे इलेक्ट्रोडचे, ८ ने सुरू होणारे इंधन-घटाचे आणि ५० ने सुरू होणारे बाहेरचं आवरण, टर्मिनल वगैरेंचे. चार्जिंगची सर्किट मात्र इथे बऱ्याचदा सापडत नाहीत, ती एच०२जे ७ मध्ये असतात. 'बॅटरी मॅनेजमेंट' मध्ये काम केलेल्या इंजिनिअरचं नाव एच०१एम मध्ये मिळालं नाही, तर एच०२जे ७ मध्ये नक्की पाहा.

आडनाव आणि एच०१एम एकत्र टाकलं की हजारोंचा निकाल बहुतेक वेळा नजरेखालून घालता येईल इतका खाली येतो. त्याच आडनावाचे औषधवाले, कापडवाले, सॉफ्टवेअरवाले आपोआप गळतात.

पहिलं पान वाचायचं कसं

पेटंटच्या पहिल्या पानावर कंसात दोन अंकी आकडे असतात. जगभर त्यांचा अर्थ एकच, म्हणून भाषा येत नसली तरी पान वाचता येतं. ७२ समोर संशोधक (जुन्या अमेरिकी पेटंटांवर ७५ समोर), ७१ समोर अर्जदार, ७३ समोर पेटंटधारक, ५४ समोर शीर्षक, २२ समोर दाखल तारीख, ३० समोर मूळ देशातल्या पहिल्या अर्जाचा तपशील.

नोबेलच्या त्या तिघांतले तिसरे, अकिरा योशिनो, यांचं अमेरिकी पेटंट ४६६८५९५ उघडून पाहा. शीर्षक साधं, 'सेकंडरी बॅटरी'. संशोधकांत योशिनो यांच्यासोबत सानेचिका आणि नाकाजिमा. हक्क मात्र 'असाही कासेई' या जपानी कंपनीकडे. मंजुरी २६ मे १९८७ ची, पण मूळ जपानी अर्जाची तारीख १० मे १९८५. शोध कधीचा हे सांगताना ही आधीची तारीख महत्त्वाची.

याच पानावरून दोन गोष्टी समजतात. संशोधक आणि मालक बहुधा वेगळे असतात. त्यामुळे "माझ्या नावावर पेटंट आहे" याचा अर्थ संशोधकांत नाव आहे, की हक्कही त्याच्याकडे आहे, हे विचारून घ्या. गुडइनफ ऑक्सफर्डमध्ये असतानाच्या कोबाल्ट ऑक्साइडच्या कामाचं पेटंट ४३०२५१८ ब्रिटिश अणुऊर्जा प्राधिकरणाकडे गेलं होतं, ना त्यांच्याकडे ना विद्यापीठाकडे. दुसरं म्हणजे क्रमांकाच्या शेवटचं अक्षर. आज साधारणपणे 'ए' म्हणजे प्रकाशित अर्ज आणि 'बी' म्हणजे मंजूर पेटंट. पण अमेरिकेत ही पद्धत २००१ पासूनची. त्याआधीची मंजूर पेटंटंही डेटाबेसमध्ये 'ए' लावूनच दिसतात, योशिनो यांचंही. तेव्हा जुनं पेटंट पाहून "हा तर नुसता अर्ज" असा निष्कर्ष काढू नका.

'डब्ल्यूओ' ने सुरू होणारा क्रमांक दाखवून कोणी "जागतिक पेटंट" म्हणत असेल, तर सावध व्हा. जागतिक पेटंट नावाची गोष्टच नाही. तो आंतरराष्ट्रीय करारानुसार केलेला अर्ज असतो. त्यानंतर प्रत्येक देशात वेगळी तपासणी आणि वेगळी मंजुरी लागते. बॅटरीच्या नव्या कंपन्यांच्या माहितीपत्रकांत हा घोळ सर्रास असतो.

मंजूर झालेलं पेटंटही आज जिवंत असेलच असं नाही. मुदत साधारण दाखल तारखेपासून २० वर्षं. मध्ये नूतनीकरणाची फी थांबली की हक्क संपतो. अमेरिकेत ही फी मंजुरीनंतर साडेतीन, साडेसात आणि साडेअकरा वर्षांनी भरावी लागते, तर अनेक देशांत दरवर्षी. सद्यस्थिती त्या त्या देशाच्या नोंदवहीत पाहायची, पेटंटच्या पानावर ती नसते.

माणूस तोच आहे ना?

नाव जुळलं म्हणजे पुरावा झाला नाही. किमान दोन स्वतंत्र खुणा जुळल्या पाहिजेत. माझ्या मते सगळ्यात भक्कम खूण म्हणजे सहसंशोधक. तीच दोन-तीन माणसं एका शोधनिबंधावर आणि पेटंटवरही दिसली, तर शंकेला फारशी जागा उरत नाही. त्यानंतर संस्था आणि वर्ष. ती व्यक्ती त्या काळात तिथेच होती का, हे प्रबंध, शोधनिबंध किंवा कंपनी नोंदणी कार्यालयातल्या संचालकांच्या यादीवरून कळतं. संशोधकाचा ऑर्किड क्रमांक (संशोधकांना मिळणारा स्वतंत्र ओळख क्रमांक) असेल, तर त्याखाली त्याने स्वतः जोडलेली कामं मिळतात. राजपत्रातली नावबदलाची सूचना, न्यायालयाचे निकाल, पेटंट हस्तांतराची नोंद ही सगळी उघडी साधनं आहेत. शहर ही कमकुवत खूण, कारण पानावर बरेचदा कंपनीचाच पत्ता असतो.

जुन्या आंतरराष्ट्रीय अर्जांवर संशोधकांचे घरचे पत्तेही छापलेले आढळतात. ते ओळख पटवण्यापुरते वापरा, पुढे कोणाला पाठवू नका. युरोपीय कार्यालयाने १ एप्रिल २०२१ पासून संशोधकाचा पूर्ण पत्ता मागणं बंद केलं, फक्त देश आणि गाव घेतलं जातं. हा बदल फार आधी व्हायला हवा होता.

प्रमाणित प्रतीचा अर्ज

माहितीसाठी किंवा लेखासाठी डाउनलोड केलेली पीडीएफ पुरते. न्यायालय, करार, हक्काचा वाद किंवा दुसऱ्या देशातला अर्ज असेल, तर कार्यालयाच्या सही-शिक्क्याची किंवा डिजिटल सहीची प्रत लागते. प्रकाशित कागदपत्रांसाठी ती कोणीही मागू शकतं.

अर्जात पेटंट किंवा अर्जाचा क्रमांक, दाखल तारीख, नेमकं काय हवं आणि किती प्रती, तुमचं नाव-पत्ता आणि फी भरल्याचा तपशील द्यावा लागतो. 'नेमकं काय हवं' यातच अर्ज अडतात. मूळ दाखल केलेला अर्ज, मंजूर पेटंटचा मजकूर, पूर्ण फाइल आणि नोंदवहीतला उतारा हे चार वेगळे कागद आहेत. मालकी सिद्ध करायची असेल, तर मजकुराची प्रत कामाची नाही, नोंदवहीचा उतारा किंवा हस्तांतराच्या दस्ताची प्रत मागा. एजंटमार्फत अर्ज करत असाल, तर अधिकारपत्र जोडा. अप्रकाशित फाइल असेल, तर अर्जदाराचं संमतीपत्र.

ही प्रत परदेशात दाखवायची असेल, तर १९६१ च्या हेग करारातल्या देशांत अपोस्टील (कागद खरा असल्याचं सरकारी प्रमाणपत्र) लागतं, इतरत्र वकिलातीचा शिक्का. पण पहिल्या अर्जाच्या आधारे दुसऱ्या देशात १२ महिन्यांच्या आत पेटंट मागायचं असेल, तर पॅरिस करारानुसार त्या प्रतीला वेगळं साक्षांकन लागत नाही. शिवाय बरीच कार्यालयं ती जागतिक बौद्धिक संपदा संघटनेच्या डिजिटल सेवेतून आपापसात घेतात.

स्वतःचं नाव चुकलं किंवा गळलं असेल तर

शोधताना आपलंच नाव चुकीचं छापलेलं दिसलं किंवा दिसलंच नाही, तर गप्प बसू नका. स्पेलिंगची चूक असेल, तर अर्जदार कंपनीमार्फत ओळखीचा पुरावा जोडून साधी दुरुस्ती मागता येते. नाव गळलं असेल, तर प्रयोगवहीची पानं, तारखा असलेले ईमेल, अहवाल आणि सहसंशोधकांची निवेदनं गोळा करा. युरोपात चुकून लागलेलं नाव काढायचं असेल, तर त्या व्यक्तीची संमती लागते आणि मागणी तिऱ्हाइताने केली असेल, तर अर्जदाराचीही. अमेरिकेत सर्व संशोधक आणि हक्कदार एकत्र आले तर कार्यालय दुरुस्तीचं प्रमाणपत्र देतं, नाहीतर न्यायालयात जावं लागतं. भारतात संशोधक म्हणून उल्लेखाचा दावा फॉर्म ८ वर करतात आणि चालू पेटंटसाठी संशोधकाला २०२४ पासून फॉर्म ८ए वर स्वतंत्र प्रमाणपत्रही मागता येतं. आंतरराष्ट्रीय अर्जात नाव-पत्त्याचा बदल पहिल्या अर्जाच्या तारखेपासून ३० महिन्यांच्या आत जागतिक बौद्धिक संपदा संघटनेकडे, एकाच ठिकाणी नोंदवता येतो. ती मुदत हुकली की प्रत्येक देशाच्या कार्यालयात वेगवेगळा अर्ज करावा लागतो.