कांदा पुडिंग

कांदा पुडिंग : मंद आचेवर लोण्यात परतलेला कांदा, अंडी, घट्ट साय, थोडा मैदा आणि किसलेले चीज यांचे मिश्रण ओव्हनमध्ये भाजून केलेले खारे तोंडीलावणे. हा पदार्थ मुख्यतः अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत केला जातो. भाजलेली टर्की, हॅम किंवा गोमांस यांच्या जोडीला, विशेषतः नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी येणाऱ्या थँक्सगिव्हिंगच्या आणि नाताळच्या जेवणात, तो वाढतात. त्याच भागातील मक्याचे पुडिंग हे त्याचे जवळचे भावंड होय. कॅरॅमल पुडिंगमध्ये अंड्याच्या साहाय्याने दूध जसे घट्ट बसते, तसेच येथेही घडते; मात्र चव मीठ, मिरपूड आणि क्वचित जायफळ यांची असते.

जॉर्जिया राज्यात या पदार्थासाठी विडेलिया कांदा वापरण्याची प्रथा आहे. टूम्स परगण्यातील मोझ कोलमन या शेतकऱ्याने १९३१ मध्ये पिकवलेला कांदा तिखट न निघता गोडसर निघाला आणि विडेलिया या गावाच्या बाजारातून त्याची ख्याती पसरली. तेथील वालुकामय जमिनीत गंधक फार कमी असते. कांदा चिरताच त्यातील ॲलिनेज हे विकर गंधकयुक्त संयुगांवर क्रिया करते आणि डोळ्यांना झोंबणारा वायू सुटतो. ही संयुगेच अल्प असल्याने विडेलिया कच्चा खाल्ला तरी जिभेला चरचरत नाही. जॉर्जियाने १९८६ मध्ये कायदा करून हे नाव संरक्षित केले, त्यामुळे ठरावीक २० परगण्यांबाहेर पिकलेला कांदा या नावाने विकता येत नाही. १९९० मध्ये विडेलियाला राज्याच्या अधिकृत भाजीचा मानही मिळाला.

पुडिंगपुरते बोलायचे, तर या कांद्याचे माहात्म्य थोडे अतिशयोक्त आहे. साठवणीच्या तिखट कांद्यातही साखर पुष्कळ असते, केवळ तिखटपणामुळे ती जाणवत नाही. दीर्घकाळ परतल्यावर तिखटपणा निघून जातो आणि गोडी वर येते. उलट विडेलियात पाण्याचा अंश अधिक असल्याने त्याला आटवण्यास जास्त वेळ द्यावा लागतो.

हे आटवणेच कृतीतील निर्णायक काम आहे. सहा ते आठ जणांसाठी सुमारे १ किग्रॅ. कांदा पातळ, उभा चिरून १०० ग्रॅ. लोण्यात पसरट कढईत घालतात. प्रथम त्याला भरपूर पाणी सुटते आणि कांदा परतण्याऐवजी शिजतच राहतो. ते पाणी पूर्ण आटून लोणी पुन्हा कडेने दिसू लागले, की कांदा सोनेरी होऊ लागतो. या सर्वाला अर्धा ते पाऊण तास लागतो आणि आच मोठी करून तो वाचवता येत नाही, कारण मग कडा करपतात आणि आतला ओलावा तसाच राहतो. पाणी राहिलेला कांदा मिश्रणात गेला, तर भाजताना ते सुटते आणि पुडिंगच्या तळाशी साचते. कांदा पूर्ण निवू देणेही आवश्यक असते. गरम कांद्याने कच्च्या अंड्याच्या तेथल्या तेथे गुठळ्या होतात.

दुसऱ्या भांड्यात ६ अंडी फेटून त्यांत सुमारे अर्धा लिटर साय (बाजारातील क्रीम) मिसळतात. मैदा ३ मोठे चमचे, साखर २ मोठे चमचे, बेकिंग पावडर २ लहान चमचे आणि मीठ १ लहान चमचा हे कोरडे जिन्नस आधी एकत्र करून मग थोडेथोडे घालतात. शेवटी सुमारे ८० ग्रॅ. पार्मेझान चीज आणि कांदा घालून मिश्रण लोण्याचा हात फिरवलेल्या उथळ भांड्यात ओततात व सुमारे १७५° से. तापमानाला ३० ते ४० मिनिटे भाजतात. अंडी-दुधाचे मिश्रण साधारण ८०° ते ८५° से. दरम्यान बसते, त्याहून फार तापल्यास प्रथिने आकसून पाणी सोडतात आणि पुडिंग फाटल्यासारखे दिसते. मैद्यातील स्टार्च हा धोका बराच कमी करतो. कडा फुगून तपकिरी झाल्या आणि भांडे हलवल्यावर मध्यभाग किंचित थरथरला, की ते बाहेर काढावे, कारण आतल्या उष्णतेने उरलेला भाग बसतो. फुगलेला पृष्ठभाग काही मिनिटांत खाली बसतो, तो दोष नव्हे.

महाराष्ट्रात हा पदार्थ करताना सौम्य, गोडसर चवीचा आणि भौगोलिक मानांकन लाभलेला अलिबागचा पांढरा कांदा घेता येतो; तथापि तो वेण्या बांधून विकला जाणारा कांदा कच्चा खाण्यातच अधिक शोभतो, आणि पुडिंगसाठी चाळीत साठवलेला उन्हाळ कांदा पुरेसा ठरतो. पार्मेझान मुळातच खारट असल्याने त्याऐवजी साधे प्रक्रिया केलेले चीज वापरल्यास मीठ चाखून ठरवावे. पुडिंग दहा मिनिटे मुरू दिल्यावर चमच्याने वाढतात. दुसऱ्या दिवशी ते घट्ट होते आणि त्याच्या नीट वड्या पाडता येतात.