जीव, जीवन, आयुष्य (मराठी शब्द)

इंग्रजीत लाईफ या एका शब्दावर जे भागतं त्याला मराठीत निदान चार-पाच शब्द लागतात, आणि ते एकमेकांच्या जागी चालत नाहीत. जीव हा त्यातला घरचा, संस्कृत जीव् म्हणजे जगणे या धातूवरून आलेला. तो लावता येतो, टांगणीला लागतो, मुठीत धरता येतो, भांड्यात पडतो, कंटाळा आला की उठणंसुद्धा जिवावर येतं आणि हातात पैसे खुळखुळले की लोक जिवाची मुंबई करतात. इथे कुठेही आयुष्य घालून बघा, हसूच येईल. आयुष्य म्हणजे मोजायचा काळ, ते सरतं, "अर्धं आयुष्य लोकलमध्ये गेलं". आयुर्वेद, आयुर्विमा यातला आयु तोच.

जीवन जरा निबंधातला वाटतो, पण संस्कृतात त्याचा अर्थ पाणी असाही आहे, अमरकोशात पाण्याच्या नावांत तो सापडतो. महाराष्ट्र जीवन प्राधिकरण हे पाणीपुरवठ्याचं काम बघतं ते त्यामुळेच (विम्याचं ऑफिस वाटणारे बरेच आहेत).

हयात अरबी, आता मुख्यतः पेन्शनवाल्यांकडे उरलाय. दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायचा, २०१४ पासून तो ऑनलाईनही निघतो, नाव जीवन प्रमाण. आमच्या आजोबांचा अंगठा मशीनवर उठेना, खिडकीतला म्हणाला "आजोबा, अंगठा येत नाहीये", हे म्हणाले "अरे पण मी आलोय ना".

जिंदगी फारसीतून आली, पण परकी नाही, जिंदा आणि जीव मुळात एकाच घराण्यातले. लॅटिन व्हिटा आणि बायॉलॉजीतला ग्रीक बायो पण तिथलेच, त्या व्हिटावरून १९१२ मध्ये व्हिटॅमिन हे नाव निघालं. इंग्रजीतला क्विक सुद्धा यांचाच, आधी अर्थ जिवंत होता, पाऱ्याला क्विकसिल्व्हर म्हणतात ते म्हणून, जिवंत चांदी. गंमत म्हणजे लाईफ यांच्यात नाही. त्याचं मूळ उरणे, टिकून राहणे या अर्थाचं, जर्मनमधला त्याचा भाऊ लाईब म्हणजे तर शरीर.

आता लाईफही मराठीत मुरलाय, फक्त लिंग ठरत नाहीये. कुणी जिंदगीच्या चालीवर "माझी लाईफ" म्हणतं, कुणी आयुष्याच्या चालीवर "माझं लाईफ", जीवासारखं "माझा लाईफ" मात्र अजून कानावर आलं नाही.