ब्रिटिश लैंगिक विनोदपट

नग्नता आणि प्रहसन यांची सांगड घालून १९७० च्या दशकात ब्रिटनमध्ये तुटपुंज्या खर्चात काढल्या गेलेल्या चित्रपटांचा हा प्रकार आहे. समुद्रकिनारी सहलीला येणाऱ्यांना विकली जाणारी चावट पोस्टकार्डे आणि म्युझिक हॉलमधले (गाणी व विनोदी करमणुकीच्या रंगगृहांमधले) द्वयर्थी संवाद ही त्यांतील विनोदाची मुळे होत. ‘कॅरी ऑन’ या विनोदी चित्रपटमालिकेने हा विनोद पडद्यावर आधीच रुळवला होता. १९७० मध्ये केवळ प्रौढांसाठीच्या चित्रपटांना मिळणाऱ्या ‘एक्स’ प्रमाणपत्राची वयोमर्यादा १६ वरून १८ वर नेण्यात आली आणि तोवर केवळ सुचवले जाई ते दाखवण्यास वाव मिळाला.

या चित्रपटांना आर्थिक आधारही होता. दूरचित्रवाणीने प्रेक्षक पळवल्यामुळे चित्रपटगृहे ओस पडत असताना, तिकिटांवरील ‘एडी लेव्ही’ या आकारणीतून जमणाऱ्या पैशाचा वाटा ब्रिटिश निर्मात्यांना त्यांच्या चित्रपटाच्या देशांतर्गत गल्ल्याच्या प्रमाणात मिळे. चित्रपटाचा दर्जा त्यात विचारात घेतला जात नसे. त्यामुळे जो अधिक चाले, त्याच्याच पदरात अधिक पडे.

‘कन्फेशन्स ऑफ अ विंडो क्लीनर’ (१९७४) हा या प्रकाराचा नमुनाच म्हणावा लागेल. व्हॅल गेस्ट यांनी दिग्दर्शित केलेल्या आणि कोलंबिया या अमेरिकी कंपनीने पैसा पुरवलेल्या या चित्रपटात खिडक्या पुसणाऱ्या टिमीची भूमिका रॉबिन ॲस्कविथने केली. स्वयंपाकघरातल्या साबणाच्या फेसात नायक-नायिका घसरत राहतात, त्या प्रसंगात शृंगार नावापुरता आणि धांदलच फार. पुरुषाच्या पराक्रमापेक्षा त्याच्या फजितीवरच या चित्रपटांची मदार असते, स्त्री पात्रांना मात्र बहुधा कपडे उतरवण्यापलीकडे काम नसते. टिमीच्या मेहुण्याचे काम करणारे टोनी बूथ पुढे माजी पंतप्रधान टोनी ब्लेअर यांचे सासरे झाले, तर मूळ कादंबऱ्या टोपणनावाने लिहिणारे क्रिस्टोफर वुड यांनी जेम्स बाँडच्या दोन पटकथांवर काम केले. १९७७ पर्यंत या मालिकेचे आणखी तीन भाग निघाले.

अभिनेत्री मेरी मिलिंग्टनची भूमिका असलेला ‘कम प्ले विथ मी’ (१९७७) लंडनच्या सोहो भागातील एका चित्रपटगृहात जवळपास चार वर्षे चालला. त्यानंतर घरोघरी व्हिडिओ आला, तेव्हा असे चित्रपट पाहण्यासाठी चारचौघांत तिकीट काढण्याची गरज उरली नाही. १९८५ च्या कायद्याने एडी लेव्हीही रद्द झाली. पण तोवर हा प्रकार मागे पडला होता.