क्रमित जोडीतला क्रम: निर्देशक प्रतलापासून डिजिटल नकाशापर्यंत

प्रतलावरील बिंदूचे स्थान लिहिताना क्ष-निर्देशक आधी आणि य-निर्देशक नंतर, हा क्रम इतका अंगवळणी पडला आहे की तो भूमितीतूनच निघाला असावा असे वाटते. प्रत्यक्षात तो निव्वळ संकेत आहे. १६३७ साली लायडन येथे छापलेल्या ज्या फ्रेंच लेखनाच्या लेखकावरून, म्हणजे रेने देकार्त यांच्यावरून, या पद्धतीला ‘कार्टेशियन’ हे नाव मिळाले, त्यात आजच्यासारखे परस्परांना लंब असे दोन अक्ष ठरवून आखलेले नाहीत आणि ऋण निर्देशकांचा पद्धतशीर वापरही नाही. चारही चरणांत पसरलेले वक्र १७०४ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झालेल्या त्रिघाती वक्रांच्या वर्गीकरणात स्पष्ट दिसतात.

भूगोलातला क्रम स्वतंत्रपणे घडला. दुसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात तयार झालेल्या स्थळसूचीत रेखांश आधी दिलेले आहेत. पुढे मात्र अक्षांश आधी सांगण्याची रीत पक्की झाली. अक्षांश ध्रुवताऱ्याच्या किंवा मध्यान्हीच्या सूर्याच्या उंचीवरून काढता येत असे, तर समुद्रावर रेखांश भरवशाने कळण्यासाठी अठराव्या शतकाच्या उत्तरार्धातील अचूक घड्याळांची वाट पाहावी लागली, हे त्याचे एक कारण सांगितले जाते.

रेखांश आडवा मोजला जातो, म्हणजे तो क्ष-निर्देशकाच्या जागी बसतो. त्यामुळे गणिताचा क्रम आणि नाविकांचा क्रम नेमके उलटे ठरतात. कागदी नकाशावर अंशांसोबत उत्तर, पूर्व असे लिहिलेले असल्याने याची अडचण नव्हती. संगणकाकडे मात्र दोन नुसत्या संख्या जातात.

इंटरनेटवरून नकाशाचे चित्र मागवण्याच्या आंतरराष्ट्रीय मानकाच्या सुरुवातीच्या आवृत्त्यांत रेखांश आधी होता. २००४ च्या आवृत्तीने ठरवले की प्रत्येक निर्देशक प्रणालीच्या (पृथ्वीवरील स्थान संख्यांत मांडण्याच्या ठरावीक पद्धतीच्या) अधिकृत व्याख्येत जो क्रम असेल तोच पाळावा. परिणामी सर्वाधिक वापरातल्या, ४३२६ या क्रमांकाच्या प्रणालीत अक्षांश पुढे आला. व्याख्येशी आणि नौकानयन-विमानवाहतुकीतील रूढीशी सुसंगती राहावी, हा समर्थकांचा मुद्दा वजनदार होता. तरीही प्रणालीचा क्रमांक तोच ठेवून फक्त आवृत्तीनुसार क्रम उलटा करणे हे आधीच कामात असलेल्या आज्ञावलींवर अन्यायकारक होते. रेखांश आधी हवा असणाऱ्यांसाठी वेगळ्या नावाची प्रणाली दिली गेली, पण चालू सवयीला नवे नाव घ्यायला लावण्याऐवजी नव्या क्रमालाच नवा क्रमांक द्यायला हवा होता.

या गोंधळाची झळ आपल्याकडे अधिक बसते. मुंबईचा अक्षांश सुमारे १९ आणि रेखांश सुमारे ७३ अंश. अदलाबदल झाली तर बिंदू नॉर्वेच्या उत्तरेकडील समुद्रात पडतो. टोकियोचा रेखांश १३९ अंशांहून अधिक असल्याने तो अक्षांशाच्या जागी आला की चूक लगेच पकडली जाते, कारण अक्षांश ९० च्या पुढे जात नाही. महाराष्ट्राचे सगळे रेखांश साधारण साडेबहात्तर ते एक्क्याऐंशी अंशांत येतात, त्यामुळे राज्यातील कोणत्याही गावाची उलटी जोडी अशा तपासणीतून बिनतक्रार सुटते.

२०१६ साली नकाशाच्या माहितीसाठी सर्रास वापरल्या जाणाऱ्या एका फाइल-स्वरूपाच्या मानकाने इतर निर्देशक प्रणालींची सर्वसाधारण मुभा काढून घेतली आणि रेखांश आधी, अक्षांश नंतर असे निःसंदिग्धपणे लिहिले. नकाशे दाखवणाऱ्या अनेक प्रचलित साधनांत मात्र बिंदू देताना अजूनही अक्षांशच आधी द्यावा लागतो.