पैनगंगेच्या पात्रातले हिमयुग

माहूर आणि किनवटच्या बाजूने मराठवाड्याची सीमा आखत वाहणारी पैनगंगा पुढे चंद्रपूर जिल्ह्यात वर्धा नदीला मिळते. त्या टापूत, इरई गावाजवळ, तिच्या पात्रात जुना चुनखडक उघडा पडलेला आहे. १८७० च्या दशकात भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातील फेडन नावाच्या भूवैज्ञानिकाने त्या खडकाचे निरीक्षण केले, तेव्हा त्याचा पृष्ठभाग घासून गुळगुळीत झालेला आणि त्यावर सरळ, एकमेकींना समांतर अशा रेघा उमटलेल्या त्याला दिसल्या. तिफणीने पेरणी करताना तिन्ही फणांच्या काकऱ्या जशा एकाच दिशेने सोबत उमटत जातात, तशा त्या रेघा. वाहते पाणी दगडाला गोल करते, त्याला खळगे पाडते, पण सरळ काकऱ्या ओढणे पाण्याला जमत नाही. ते काम हिमनदीचे. शेकडो मीटर जाडीचा बर्फ आपल्याच वजनाने सरकू लागला की त्याच्या तळाशी गोठून बसलेले दगडधोंडे खालच्या खडकावर घासत जातात आणि खडकावर ओरखडे उठतात. घासणारे दगडही एका बाजूने सपाट होतात. इरईच्या त्या खडकावर बारीक चिखलात रुतलेल्या लहानमोठ्या धोंड्यांचा जो थर आहे, त्यातही असे सपाट झालेले, ओरखडलेले धोंडे सापडतात.

ज्या भागात मे महिन्यात पारा पंचेचाळीस अंशांवर जातो, तिथे हिमनदी असल्याचा हा पुरावा स्वीकारणे त्या काळात सोपे नव्हते. तोवर ओडिशात तालचेर येथे असेच धोंड्यांचे थर ब्लॅनफर्ड या भूवैज्ञानिक बंधूंनी १८५६ मध्ये बर्फाशी जोडले होते, आणि पुढे दक्षिण आफ्रिका, ऑस्ट्रेलिया व दक्षिण अमेरिकेतूनही तशाच नोंदी येऊ लागल्या. हे सगळे थर सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वीच्या काळातले ठरले. विषुववृत्ताच्या इतक्या जवळचे प्रदेश बर्फाखाली असतील, तर सगळी पृथ्वीच गोठलेली असायला हवी होती. प्रत्यक्षात त्याच सुमारास युरोप आणि उत्तर अमेरिकेत उष्ण, दलदलीची अरण्ये माजली होती आणि त्यांच्यापासून तिथला कोळसा बनत होता. हे कोडे एकाच प्रकारे सुटते. भारत, आफ्रिका, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका त्या काळी एकाच भूखंडात जोडलेले होते आणि तो भूखंड दक्षिण ध्रुवाच्या परिसरात होता. जर्मन शास्त्रज्ञ आल्फ्रेड वेगेनर यांनी १९१२ मध्ये खंडांच्या सरकण्याचा सिद्धांत मांडला, तेव्हा बर्फाच्या या खुणा त्यांच्या मुख्य पुराव्यांपैकी होत्या.

या भूखंडाला ‘गोंडवन’ हे नाव आपल्याच मुलखावरून मिळाले. मध्य भारतातल्या या खडकांच्या मालिकेसाठी भूवैज्ञानिक मेडलिकॉट यांनी ते प्रथम वापरले आणि ऑस्ट्रियाचे भूवैज्ञानिक एडुआर्ड झ्यूस यांनी १८८५ च्या सुमारास ते संपूर्ण दक्षिणी भूखंडाला दिले. किनवट-माहूरच्या डोंगरांत आजही गोंड समाजाची वस्ती आहे. जगभरच्या भूशास्त्राच्या पुस्तकांत रोज छापला जाणारा हा शब्द आपल्या शेजारच्या लोकांच्या नावातून निघाला, हे मराठवाड्यातल्या शाळांमध्ये आवर्जून सांगितले जायला हवे असे मला वाटते.

बर्फ वितळल्यावर त्याच जमिनीवर ग्लॉसॉप्टेरिस नावाच्या झाडांची अरण्ये उभी राहिली. जिभेच्या आकाराचे लांबट पान, मधोमध एक ठसठशीत शीर आणि तिच्यापासून निघून जाळ्यासारखी एकमेकींत मिसळणारी बारीक शिरांची वीण, हे त्याचे रूप. हे पान ज्या ज्या ठिकाणी खडकात उमटलेले आढळते, ते सगळे प्रदेश गोंडवनाचे भाग होते. झाडांच्या अश्मीभूत खोडांतील वाढीची वलये ठळक आहेत, म्हणजे तिथले ऋतू तीव्र होते. पानांचे दाट थर एकावर एक सापडतात, म्हणजे झाडे बहुधा दरवर्षी पानगळ करीत असत. १९१२ मध्ये कॅप्टन स्कॉट आणि त्यांचे साथीदार दक्षिण ध्रुवावरून परतताना मरण पावले, तेव्हा त्यांच्या स्लेजवर सुमारे सोळा किलो दगड होते. अन्न संपत आले असतानाही त्यांनी ते टाकून दिले नव्हते, आणि त्या दगडांत ग्लॉसॉप्टेरिसची पाने होती. भारतात जमिनीखालून निघणारा जवळजवळ सगळा दगडी कोळसा या अरण्यांपासून बनलेला आहे. परळीच्या औष्णिक विद्युत केंद्रात जळत आला तो हाच.

मराठवाड्यात मात्र हे खडक आपल्या नजरेला पडत नाहीत, कारण त्यांच्या काळानंतर बऱ्याच उशिरा, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, जमिनीच्या भेगांतून बाहेर आलेल्या लाव्हाने जवळजवळ सगळे झाकून टाकले. अजिंठा-वेरूळची लेणी कोरली गेली तो काळा पाषाण, आणि जिच्यावर आपला कापूस पिकतो ती काळी माती, दोन्ही त्याच लाव्हाची देणगी. या आवरणाखाली काय आहे, हे कळण्याचे निमित्त दुःखद होते. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपात हजारो माणसे दगावली, आणि त्यानंतर तिथे ६१७ मीटर खोल वेधनछिद्र घेतले गेले. त्यात वरचे ३३८ मीटर लाव्हाचा खडक, त्याखाली अवघा आठ मीटर गाळाचा थर आणि त्याच्याही खाली थेट अब्जावधी वर्षांपूर्वीचा कठीण पाया लागला. हा जुना पाया पाहायला भूगर्भात उतरायची गरज नाही. देगलूर-बिलोलीकडे लाव्हाचे आवरण संपते आणि तिथले ग्रॅनाइटचे गोल धोंडे उघड्यावर दिसतात.

लाव्हा एका दमात आला नाही. आपल्याकडे बोअर मारताना मुरूम, मांजऱ्या, काळा पाषाण असे थर लागत जातात आणि मध्येच अचानक तांबडा गाळ वर येतो. दोन उद्रेकांच्या मधल्या शांत काळात वरचा खडक हवापाण्याने कुजून जी माती झाली, ती पुढच्या लाव्हाखाली दबली. तोच हा तांबडा थर. लाव्हा थंड होताना त्यातल्या लोहयुक्त खनिजांत त्या वेळच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा कायमची गोठते, आणि तिच्या कलावरून ते ठिकाण कोणत्या अक्षांशावर होते याचा हिशेब मांडता येतो. क्लेग हे भूभौतिकशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५६ मध्ये दख्खनच्या खडकांवर हे मोजमाप केले, तेव्हा ते विषुववृत्ताच्या बरेच दक्षिणेला थिजल्याचे दिसून आले. वेगेनर यांच्या कल्पनेवर अजून शंका घेतल्या जात असताना आपल्या काळ्या पाषाणाने दिलेली ही साक्ष मोलाची ठरली.

गोंडवन सुमारे १८ कोटी वर्षांपूर्वी फुटू लागले. भारत सुमारे १३ कोटी वर्षांपूर्वी अंटार्क्टिकापासून आणि ९ कोटी वर्षांपूर्वी मादागास्करपासून सुटला, आणि लाव्हाचे उद्रेक ओसरत असतानाच सेशेल्स बेटांचा तुकडाही पश्चिमेकडून तुटून गेला. मराठवाड्याच्या दृष्टीने हा शेवटचा घाव सर्वांत महत्त्वाचा आहे. त्या तुटलेल्या काठाशी पश्चिमेची कड उंच राहिली, पठार पूर्वेकडे कलले, आणि त्या कडेची झीज होत होत सह्याद्रीची भिंत घडली. म्हणूनच त्र्यंबकेश्वरला उगम पावणारी गोदावरी जवळच्या अरबी समुद्राकडे पाठ फिरवून पैठण, नांदेड असा १,४६५ किलोमीटरचा प्रवास करीत बंगालच्या उपसागराला मिळते. पुढे सुमारे ५ कोटी वर्षांपूर्वी भारत आशियाला धडकला, हिमालय आणि तिबेटचे पठार वर आले आणि आजच्या जोरदार मोसमी पावसाला आकार मिळाला. समुद्रावरून येणारे ते वारे सह्याद्रीवर चढतानाच आपले बहुतेक पाणी सांडतात. महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो आणि बीड-धाराशिवच्या वाट्याला त्याचा जेमतेम सहावा-सातवा हिस्सा येतो. आपल्या दुष्काळाच्या कारणांत माणसाच्या चुका पुष्कळ आहेत, पण पर्जन्यछायेचे हे कारण एका खंडाच्या फुटण्याइतके जुने आहे.

ज्या अंटार्क्टिकाला आपण मागे सोडून आलो, ती ध्रुवाजवळच राहिली. ऑस्ट्रेलिया आणि दक्षिण अमेरिका तिच्यापासून दूर गेल्यावर तिच्याभोवती थंड सागरी प्रवाहाचे कडे तयार झाले, हवेतला कार्बन डायऑक्साइड घटत गेला आणि सुमारे ३.४ कोटी वर्षांपूर्वी तिथे पुन्हा मोठे हिमावरण साचू लागले. आज तो बर्फ सरासरी दोन किलोमीटर जाड आहे, आणि त्याच्या तळाशी अडकलेले दगड खालच्या खडकावर इरईसारख्याच काकऱ्या ओढत आहेत.